हात आणि मस्तक : ‘अमृतमंथना’तील राजगुरू

नाटकाच्या किंवा चित्रपटाच्या केंद्रस्थानी नायकाऐवजी खलपुरुष येऊन बसला, म्हणजे शास्त्रकार आणि रसिक या दोघांचीही अडचण होते. ‘दशरूपक’कार धनंजय हा आमच्या माळव्यातला. दहाव्या शतकाच्या उत्तरार्धात, परमार राजा वाक्पती मुंज याच्या आश्रयाने त्याने आपला ग्रंथ रचला. त्यात प्रतिनायकाची लक्षणे दिलेली आहेत : तो लोभी असावा, उद्धत असावा, हेकट, पापाचरणी आणि व्यसनी असावा. परंतु नायकाच्या विजयाला उठाव यावा, एवढ्यापुरतेच त्याचे प्रयोजन. प्रतिनायक हाच मुख्य झाला आणि नायक त्याच्या छायेत गेला, तर प्रेक्षकाच्या मनात जे काही उत्पन्न होते त्यास कोणत्या रसाचे नाव द्यावे, या प्रश्नाचे उत्तर त्या परंपरेत सहजासहजी सापडत नाही. भयानक म्हणावे, तर प्रेक्षक त्या खलपुरुषास पाहण्यासाठीच पुन्हा पुन्हा येतो. बीभत्स म्हणावे, तर तो त्याच्यावरून दृष्टी काढीत नाही.

या प्रश्नाचा विचार करण्यास ‘प्रभात’चा १९३४ सालचा ‘अमृतमंथन’ हा बोलपट आम्हांस विशेष उपयुक्त वाटतो. त्याची कथा अवंती नगरीत घडते, म्हणजे आम्हां इंदूरकरांच्या शेजारीच घडते, हा योगायोग थोडा वेळ बाजूस ठेवू. त्यातील राजगुरूचे महत्त्व ध्यानी येण्यासाठी प्रथम त्याच काळी इंग्लंडात पडद्यावर गाजत असलेल्या एका निराळ्या खलपुरुषाकडे पाहणे इष्ट होईल.

१८२७ साली सफोक परगण्यातील पोल्स्टेड या खेड्यात विल्यम कॉर्डर नावाच्या तरुणाने मारिया मार्टेन या आपल्या प्रेयसीचा खून करून तिचे प्रेत एका कोठारात पुरले. ते कोठार पुढे ‘लाल कोठार’ या नावाने प्रसिद्धीस आले. ११ ऑगस्ट १८२८ रोजी बरी सेंट एडमंड्स येथे कॉर्डरला उघड्यावर, मोठ्या जनसमुदायासमक्ष फाशी देण्यात आले. त्यानंतर शंभर वर्षे इंग्लंडातील लहानमोठ्या नाटकमंडळ्या ही कथा रंगभूमीवर आणीत राहिल्या, आणि १९३५ साली मिल्टन रॉस्मर याच्या दिग्दर्शनाखाली तिचा बोलपट झाला. कॉर्डरची भूमिका टॉड स्लॉटर या नटाने केली. पुढल्याच वर्षी जॉर्ज किंग याने दिग्दर्शित केलेल्या बोलपटात स्लॉटर हा स्वीनी टॉड झाला : लंडनच्या फ्लीट स्ट्रीटवरील तो न्हावी, जो हजामतीस बसलेल्या गिऱ्हाइकास खुर्चीसकट तळघरात उलथून टाकतो. पडद्यावरील मुख्य नट हा खलपुरुषच असावयाचा, हे स्लॉटरच्या बोलपटांचे सूत्रच होऊन बसले.

या बोलपटांची मांडणी पाहण्यासारखी आहे. ‘मारिया मार्टेन’च्या आरंभी, आपल्याकडील सूत्रधाराप्रमाणे, एक गृहस्थ रंगमंचावर येऊन पात्रांची ओळख करून देतो. दुष्ट कोण, याविषयी संशयाला जागा म्हणून राहत नाही. तो दुष्ट हात चोळतो, डोळे फिरवितो, स्वतःच्या दुष्टपणावर खूष होऊन हसतो, आणि प्रेक्षकही त्याच्यासवे हसतो. खरा कॉर्डर हा शेतकऱ्याचा मुलगा होता. बोलपटात तो गावचा बडा जमीनदार झाला आहे. म्हणजे वरच्या वर्गावरील लोकांचा राग या कथेत सामावून घेतला गेला. तथापि एक गोष्ट ठाम राहिली. खून तो स्वतःच्या हातांनी करतो आणि त्याचा दोर त्याच्याच गळ्यात पडतो. हिशेब चुकता होतो. प्रेक्षक निर्धास्त मनाने घरी जातो, कारण जे पाप त्याने पाहिले त्यात त्याचा स्वतःचा काडीमात्र भाग नसतो. या मनोरंजनास आम्ही हीन लेखीत नाही. स्लॉटरच्या अंगी उत्तम कसब होते. परंतु या जातीच्या कलाकृतीत खलपुरुष कितीही मोठा झाला, तरी त्याचा प्रश्न मोठा होत नाही, एवढे नमूद करावेसे वाटते.

आता आपल्याकडे वळू. खऱ्या गुन्ह्यावरून करमणूक उभी करण्याची प्रथा आपल्याकडे नव्हती असे नाही, आणि त्याचे एक ठळक उदाहरण आमच्याच संस्थानाच्या इतिहासाशी जडलेले आहे. १२ जानेवारी १९२५ रोजी मुंबईस मलबार हिलवर अब्दुल कादर बावला या धनिक व्यापाऱ्याचा खून झाला. त्याच्यासमवेत मोटारीत असलेली मुमताज बेगम ही इंदूर दरबारातून निघून आलेली नर्तकी होती, आणि हल्लेखोरांचा हेतू तिला पळवून नेण्याचा होता. त्या वाटेने योगायोगाने आलेल्या इंग्रज लष्करी अधिकाऱ्यांनी मध्ये पडून तिला वाचविले. मुंबईच्या हायकोर्टात खटला चालला आणि तिघांना फाशीची शिक्षा सुनावण्यात आली. हल्ल्याची सूत्रे इंदुरातून हलली असावीत, असा संशय सर्वत्र बोलला जाऊ लागला. इंग्रज सरकारने महाराज तुकोजीराव होळकर यांच्यापुढे चौकशी मंडळ किंवा राज्यत्याग असे दोन पर्याय ठेवले, तेव्हा फेब्रुवारी १९२६ मध्ये त्यांनी पुत्र यशवंतराव यांच्यासाठी गादी सोडली. त्यांच्याविरुद्ध कोणताही आरोप कोणत्याही न्यायासनासमोर सिद्ध झाला नाही, हेही येथे स्पष्टपणे सांगणे न्यायाचे आहे.

ज्या वर्षी खून झाला त्याच वर्षी कोहिनूर फिल्म कंपनीने होमी मास्टर यांच्या दिग्दर्शनाखाली ‘कुलीन कांता’ हा मूकपट या प्रकरणावरून काढला. मूकपटांच्या काळातील बहुतेक चित्रपटांप्रमाणे तोही आज पाहावयास मिळत नाही, तेव्हा त्याच्या गुणदोषांविषयी बोलणे निरर्थक होईल. आमचा मुद्दा त्या मूकपटाविषयी नाही, त्या प्रकरणाने लोकांच्या मनात जो प्रश्न रुजविला त्याविषयी आहे. ज्यांच्या हातांनी कृत्य घडले त्यांस कायद्याने गाठले. त्या हातांमागे कोणाचे मस्तक होते का, आणि असल्यास कोणाचे, हे मात्र चौकशीवाचून राहिले. पोल्स्टेडच्या कोठारात हात आणि मस्तक एकाच माणसाचे होते, म्हणून ती कथा फासाच्या दोराशी संपली. मलबार हिलची कथा तशी संपली नाही. हात एकाचा आणि मस्तक दुसऱ्याचे, असा जेथे संशय असतो, तेथे दोष कोणास लावावयाचा? आमच्या मते भारतीय खलपुरुषाविषयीचा खरा प्रश्न हाच आहे, आणि ‘अमृतमंथना’ने त्यालाच हात घातला.

‘अमृतमंथना’पूर्वी मराठीत केंद्रस्थानी बसलेला सर्वांत प्रभावी खलपुरुष म्हणजे कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचा कीचक. ‘कीचकवध’ १९०७ साली रंगभूमीवर आले आणि १९१० साली सरकारने त्यावर बंदी घातली. कीचकाच्या उन्मत्त भाषणांत प्रेक्षकांना लॉर्ड कर्झन ऐकू येत होता, धर्मराजात नेमस्त आणि भीमात जहाल दिसत होते, हे सर्वविदित आहे. पुढे १९२० साली बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरास महाराष्ट्र फिल्म कंपनीतर्फे ‘सैरंध्री’ काढला. त्यातील कीचकाच्या वधाचे दृश्य इतके खरे वठले होते, की ते गाळण्याचा सरकारी हुकूम निघाला. परंतु कीचक कितीही बलाढ्य असला, तरी तो स्वतः अपराध करणारा खल आहे. सैरंध्रीकडे तो स्वतः हात पसरतो, म्हणून भीमाच्या मुठीत सापडतो. मुठीने मरणाऱ्या खलपुरुषावर नाटक रचणे तुलनेने सोपे असते. ज्याला मुठीत धरताच येत नाही त्याचे काय?

‘अमृतमंथना’तील राजगुरू हा तसा आहे. नारायण हरी आपटे यांच्या ‘भाग्यश्री’ या कादंबरीवर हा बोलपट आधारलेला असून ‘प्रभात’ने कोल्हापूर सोडून पुण्यास बिऱ्हाड केल्यावर काढलेला हा पहिला बोलपट. दिग्दर्शन व्ही. शांताराम यांचे, छायालेखन केशवराव धायबर यांचे आणि संगीत केशवराव भोळे यांचे. अवंतीचा राजा क्रांतिवर्मा चंडिकेच्या उत्सवातील नरबळी व पशुबळी बंद करण्याची आज्ञा देतो. राजगुरूच्या दृष्टीने हा धर्माचा उच्छेद. देवीच्या गाभाऱ्यात रात्री गुप्त सभा भरते आणि राजाचा वध करण्यासाठी यशोधर्मा या सरदाराची निवड होते. राजनिष्ठा आणि देवीवरील श्रद्धा यांच्या कात्रीत सापडलेला हा माणूस कृत्य करतो आणि त्या कारस्थानात स्वतःही नाश पावतो. राजकन्या मोहिनी गादीवर येते, परंतु राज्य चालते ते राजगुरूच्या इच्छेने. यशोधर्म्याची मुले, माधवगुप्त आणि सुमित्रा, यांच्या वाट्यास वनवास येतो आणि त्यांच्याच द्वारा सत्य हळूहळू उघडकीस येते. शेवटी सर्व बाजूंनी घेरला गेलेला राजगुरू स्वतःच्या हाताने स्वतःचे मस्तक देवीस वाहतो.

या कथेत राजगुरू एकदाही आपल्या हाताने राजास मारीत नाही. तो केवळ पाहतो आणि बोलतो. आरंभीच्या प्रसंगात दूरदर्शी भिंगाच्या साहाय्याने त्याचा एकच डोळा सबंध पडदा व्यापील एवढा मोठा दाखविला आहे, आणि बोलपटाच्या इतिहासात ते दृश्य प्रसिद्ध झाले आहे. त्याची स्तुती बहुधा तंत्राची करामत म्हणून केली जाते. त्याआधीच्या वर्षी ‘सैरंध्री’च्या रंगीत प्रती काढण्यासाठी शांताराम जर्मनीस गेले होते आणि तेथील चित्रपटांतील छायाप्रकाशाचा संस्कार घेऊन आले, हे खरे आहे. परंतु तंत्र हे अर्थासाठी असते. जो खलपुरुष स्वतः काहीच करीत नाही त्याचे कर्तृत्व पडद्यावर दाखवावयाचे कसे, या अडचणीस दिलेले ते उत्तर आहे. स्लॉटरचे सारे दुष्टपण त्याच्या हातांत आहे. म्हणून तो हात चोळतो. राजगुरूचे दुष्टपण त्याच्या दृष्टीत आहे, म्हणून शांताराम डोळाच दाखवितात.

दुसरा भेद याहूनही महत्त्वाचा. राजगुरू हसत नाही. आपण पाप करीत आहोत असे त्याच्या मनास कधी शिवत नाही. तो धर्माचे रक्षण करीत आहे, अशी त्याची पुरती खात्री आहे, आणि त्याच्या म्हणण्यास काही आधारही आहे. शतकानुशतके चालत आलेला आचार एका राजाने एका आज्ञेने मोडावा काय? प्रजेच्या श्रद्धेस विचारणारा कोणी आहे की नाही? हा प्रश्न खोटा नव्हे. सुधारणा वरून लादावी की खालून उगवू द्यावी, हा वाद आपल्या समाजाने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस संमतिवयाच्या कायद्याच्या निमित्ताने कडाक्याने घातला होता. राजगुरूच्या तोंडी तोच वाद भयंकर रूप धारण करून येतो. म्हणून ज्या प्रेक्षकाने कधी ना कधी ‘रूढी आहे’ म्हणून मान तुकविली आहे, त्यास राजगुरूकडे परक्यासारखे पाहता येत नाही. यशोधर्म्याच्या जागी आपण असतो तर काय केले असते, असे त्याच्या मनात आल्यावाचून राहत नाही. स्लॉटरच्या प्रेक्षकास जी सुटका मिळते ती येथे नाही.

राजगुरूची भूमिका दोन आवृत्त्यांत दोन नटांनी केली. हिंदी आवृत्तीत चंद्रमोहन प्रथमच पडद्यावर आले आणि त्यांच्या घाऱ्या डोळ्यांनी देशभर नाव केले. ती आवृत्ती मुंबईत पंचवीस आठवड्यांहून अधिक चालली, आणि रौप्यमहोत्सव साजरा करणारा पहिला हिंदी बोलपट असा तिचा लौकिक आहे. मराठीत राजगुरू झाले केशवराव दाते. निसर्गाने चंद्रमोहनांस जे नेत्र दिले होते त्यांच्यावर छायालेखकाचे निम्मे काम भागले. दात्यांची मिळकत रंगभूमीवर कमावलेली होती. शब्द दाबून उच्चारावा, वाक्याच्या मध्यावर थांबावे आणि त्या थांबण्यात अर्थ भरावा, ही त्यांची रीत. चंद्रमोहनांचा राजगुरू आरंभापासून भीती घालतो. दाते ज्या परंपरेतून आले तिच्यात खलपुरुषानेही प्रथम श्रोत्यास पटवावे लागते आणि मग भ्यायला लावावे लागते. ज्या खलपुरुषाचे सामर्थ्य दुसऱ्याकडून काम करवून घेण्यात आहे, त्यास ही दुसरी रीत अधिक शोभते असे आमचे मत आहे. नुसत्या डोळ्यांना घाबरून यशोधर्म्यासारखा माणूस राजाचा घात करणार नाही. त्याला तसे करणे धर्म्य आहे असे कोणी तरी समजावून सांगावे लागते.

गुण सांगितले, आता दोष. बोलपटाचा उत्तरार्ध पूर्वार्धाच्या तोलाचा नाही. राजगुरू पडद्यावरून दूर झाला की कथेतील ताण सैल पडतो. सुरेशबाबू माने यांच्यासारखा किराणा घराण्याचा थोर गवई माधवगुप्ताच्या भूमिकेत आहे आणि सुमित्रेच्या रूपाने शांता आपटे यांचे टवटवीत गाणे ऐकावयास मिळते. परंतु या पात्रांना राजगुरूच्या प्रश्नाचे उत्तर देण्याचे सामर्थ्य लेखकाने दिलेले नाही. ती सोसतात, गातात, सुटतात. वाद घालीत नाहीत. आणि दुसरा, अधिक गंभीर दोष शेवटाचा. राजगुरू स्वतःचे मस्तक वाहतो तेव्हा दृश्य भव्य होते यात शंका नाही. परंतु त्या भव्यतेत त्याची चौकशी बुडून जाते. अखेरचा बळी म्हणून तो ज्या रूढीसाठी लढला तिच्याच विधीने, तिच्याच वेदीवर, तिचा हुतात्मा होऊन जातो. त्याला कोणी जाब विचारीत नाही आणि त्याला कोणापुढे उत्तर द्यावे लागत नाही. सत्तेच्या शिखरावरील माणसाने स्वखुशीने दूर व्हावे आणि त्याच्या दूर होण्यानेच विचारणा थांबावी, हा प्रकार पडद्यावर भव्य दिसत असला, तरी समाजाच्या दृष्टीने त्यात काहीतरी अपुरे राहते. गुन्हेगार गेला, पण गुन्हा काय होता हे मोठ्याने सांगितले गेले नाही, असे ते अपुरेपण. आम्हां इंदूरकरांना ते जरा लवकर जाणवत असेल, तर त्याचे कारण वर येऊन गेले आहे.

हे अपुरेपण मूळ कथाकाराच्या ध्यानात आले होते की काय नकळे, परंतु नारायण हरी आपटे यांच्या कथांवरील तीन चित्रपट एकापुढे एक ठेवले, तर एक विचार वाढत गेलेला दिसतो. १९२५ सालच्या ‘सावकारी पाश’ या बाबूराव पेंटरांच्या मूकपटात खलपुरुष सावकार आहे. तो शेतकऱ्यास कागदाने मारतो. १९३४ साली राजगुरू. तो राजास श्रद्धेने मारवितो. १९३७ सालच्या ‘कुंकू’त काकासाहेब; आपट्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरून शांतारामांनीच तो काढला आणि काकासाहेबांची भूमिका पुन्हा केशवराव दात्यांनीच केली. काकासाहेब वकील आहेत, म्हणजे कायद्याचेच जाणते. आणि तरुण नीरेशी त्यांनी केलेल्या लग्नात कायद्याने बोट ठेवावे असे काही नाही. तिघांपैकी एकाच्याही दारी पोलीस येण्याचे कारण नाही. तिघांनाही समाज नमस्कार करतो. पैसा, धर्म आणि घर, या तिन्ही ठिकाणी प्रतिष्ठेच्या आडून जो अन्याय चालतो, तो आपट्यांनी एकामागून एक उघडा केला.

‘कुंकू’त खलपुरुष पाहता पाहता माणूस होतो, हे त्यातील मोठे यश. चंडिकेच्या गाभाऱ्यातील तो प्रचंड डोळा येथे आरशात स्वतःच्याच पिकलेल्या केसांकडे पाहतो. बंद पडणाऱ्या घड्याळाशी झगडणारा म्हातारा पाहून हसू येते आणि लगेच ते ओठांवरच थिजते. काकासाहेबही शेवटी स्वतःच्या हातानेच मरण पत्करतात. परंतु आपण या मुलीवर अन्याय केला, हे त्यांना पटलेले असते आणि ते तसे मागे लिहून ठेवतात. राजगुरूच्या मरणात जी कबुली नव्हती ती येथे आहे. नीरेस मोकळे होण्यासाठी नवऱ्याच्या मरणाची वाट का पाहावी लागावी, हा आक्षेप रास्त आहे आणि त्यास ‘कुंकू’कडे पुरेसे उत्तर नाही. तरीही १९३४ ते १९३७ या तीन वर्षांत त्याच लेखकाने, त्याच दिग्दर्शकाने आणि त्याच नटाने खलपुरुषास वेदीवरून उतरवून दिवाणखान्यात आणले आणि त्याच्याकडून ‘मी चुकलो’ एवढे वदवून घेतले, ही मराठी चित्रपटसृष्टीची सामान्य कमाई नव्हे.

खलपुरुषास मुख्य भूमिका दिल्याने तरुणांच्या मनावर वाईट परिणाम होतो, असा आक्षेप वरचेवर घेतला जातो. आमचे आयुष्य शाळेत गेले असल्याने तो आमच्या कानी विशेष येतो. खलपुरुष मोठा दाखविला की मुले बिघडतात, हे आम्हांस पटत नाही. बिघाड झालाच, तर तो खलपुरुष परका दाखविल्याने होतो. दुष्ट माणूस हा दिसताक्षणी ओळखू येतो, हात चोळतो आणि मोठ्याने हसतो, असे ज्या मुलाच्या मनावर ठसले, त्यास पुढे आयुष्यात सौम्य वाणीने धर्म सांगणारा, नियमावर बोट ठेवणारा, स्वतः काही न करता दुसऱ्याकडून करवून घेणारा माणूस ओळखता येत नाही. एवढेच नव्हे, तर अशा माणसाच्या सांगण्यावरून आपण स्वतः काय करीत आहोत, हेही त्यास उमगत नाही. राजगुरूच्या गोष्टीत विद्यार्थ्याने ज्याच्याकडे पाहावे असा मनुष्य आमच्या मते राजगुरू नसून यशोधर्मा आहे. तो दुष्ट नाही. तो आज्ञाधारक आहे, आणि आज्ञाधारकपणा हा आम्ही शिक्षकांनी आजवर सद्गुणांतच जमेस धरलेला आहे.

धनंजयाने सांगितलेल्या लक्षणांपैकी लोभ, व्यसन किंवा उघड पापाचरण यांपैकी एकही राजगुरूस चिकटविता येत नाही. फार तर हेकटपणा तेवढा लागू पडेल. म्हणूनच तो प्रतिनायकाच्या चौकटीत मावत नाही. शास्त्राने ज्या जागी कुरूप माणूस कल्पिला होता तेथे ‘अमृतमंथना’ने पूज्य माणूस आणून बसविला. उत्तरार्धाचा सैलपणा आणि शेवटाचा भव्य पळपुटेपणा हे दोष जमेस धरूनही, हा बोलपट जुन्या काळातील एक तांत्रिक नवल म्हणून नव्हे, तर न्यायाविषयीचा एक अवघड प्रश्न नीट मांडणारी कलाकृती म्हणून आजच्या अभ्यासकांनी पुन्हा पाहावा, अशी आमची शिफारस आहे. पाहताना त्या प्रसिद्ध डोळ्यावरच नजर खिळवून न ठेवता तो डोळा कोणाकडे पाहत आहे, इकडेही लक्ष द्यावे.